समोरच्याचा हिरवा दिवा

संध्याकाळचा सहाचा भोंगा झाला आणि घड्याळजींच्या दारावरचा दिवा लाल लागला.

घड्याळजी तेव्हा जिन्याच्या कठड्याशीच उभे होते, हात पाठीमागे, मान किंचित वर. अकरा वर्षं त्यांचा दिवा हिरवा लागत होता आणि अकरा वर्षं ते रोज सहाला इथे उभं राहून तो डोळे भरून बघत होते. आज त्यांनी चष्मा काढला, सदऱ्याला पुसला, पुन्हा चढवला. दिवा लाल तो लालच. आणि समोर, बँडवाल्याच्या दारावर, हिरवागार उजेड!

"अरे बापरे!" बँडवाला ट्रंपेट हातात घेऊनच बाहेर आला. "काका, माझा हिरवा? मी काय केलं हो?"

"तेच मीही विचारतोय," घड्याळजी दातओठ खात म्हणाले आणि आपलं दार धाडकन लावून आत गेले.

आता हा दिव्यांचा काय प्रकार, ते सांगायला हवं. उघड नीतीचा कायदा आला त्याला अकरा वर्षं झाली होती. माणूस कसा आहे हे त्याच्या दारावरच दिसलं म्हणजे कुणी फसायला नको, असा त्यामागचा साधासुधा विचार. भला माणूस असेल तर हिरवा दिवा, बेताचा असेल तर पिवळा, आणि लाल म्हणजे जरा सांभाळून. हे ठरवायचं लोकांनीच. दर महिन्याला प्रत्येकाला दोन चिठ्ठीपुस्तकं मिळत, एक हिरवं आणि एक लाल. कुणी चांगलं वागताना दिसला तर हिरवी चिठ्ठी लिहायची, वाईट वागताना दिसला तर लाल, आणि जिन्याखालच्या पेटीत टाकायची. नीती कचेरीचा माणूस दुपारी बाराला पेटी रिकामी करून नेई, कचेरीत बेरीज-वजाबाकी होई आणि सहाच्या भोंग्याला तिथून बटणं दाबली जात. खोटी चिठ्ठी लिहिणाऱ्याचा स्वतःचा दिवा तीन महिने लाल. त्यामुळे लोक निदान चिठ्ठीत तरी खरं लिहीत.

घड्याळजींचं लाल पुस्तक दर महिन्याच्या वीस तारखेच्या आत संपायचं. कुणी जिन्यात शिंकलं, कुणी पायपुसणं वाकडं ठेवलं, कुणी "येतो पाच मिनिटांत" म्हणून सहाव्या मिनिटाला आलं, की घड्याळजी चिठ्ठी फाडायचे. निम्म्या चिठ्ठ्या बँडवाल्याच्या नावावर जात, कारण तो भर दुपारी ट्रंपेटचा सराव करायचा आणि एकच सूर चुकवायचा, तोही रोज त्याच जागी. हिरवी पुस्तकं मात्र घड्याळजींच्या कपाटात गठ्ठ्याने पडून होती. कोरी करकरीत. अकरा वर्षांत चांगलं वागताना त्यांना कुणी दिसलाच नव्हता म्हणा ना!

अजून एक गोष्ट. आदल्या शनिवारी-रविवारी जिना रंगवला होता. रंगाऱ्याने पहिल्या मजल्यावरचे दोन्ही दिवे वायरी सोडवून उतरवले, बादलीत ठेवले आणि रंग वाळल्यावर परत लावून दिले. या गोष्टीकडे घड्याळजींनी तेव्हा लक्ष दिलं नाही. तुम्ही द्या.

एरवी दिवा लाल झाला म्हणून घड्याळजी चार दिवस चिडले असते आणि गप्प बसले असते. पण आता तसं करून भागणार नव्हतं. आठवड्यापूर्वीच मुलीचा फोन आला होता, पाच वर्षांत पहिल्यांदा.

"बाबा, मला तीन महिने प्रशिक्षणाला जावं लागतंय," ती म्हणाली होती. ती दवाखान्यात नर्स होती. "पिल्लाला नेता येत नाही तिथे. तुमच्याकडे ठेवू का?"

घड्याळजींनी हातातलं काम तसंच टाकलं होतं. "ठेव की," एवढंच ते म्हणाले.

"पण तुम्हाला नियम माहीत आहे ना? दहा वर्षांखालचं मूल हिरव्या दिव्याच्या घरातच ठेवता येतं. नाहीतर सरकारी बालगृहात. तुमचा दिवा काय, हिरवाच असणार म्हणा. तुमचा नाही तर कुणाचा?"

शेवटचं वाक्य ती कशा आवाजात बोलली, ते घड्याळजींना चांगलं कळलं होतं. कायदा नवा होता तेव्हा ती कॉलेजातून एकदा उशिरा घरी आली आणि "बस चुकली" म्हणून सांगितलं. बस चुकली नव्हती. घड्याळजींनी स्वतःच्या मुलीच्या नावाने लाल चिठ्ठी लिहिली होती. सत्य म्हणजे सत्य, घरचं असो की बाहेरचं! ती लग्न करून गेली, लेक झाली, त्या लेकीला एकदा वर्षाची असताना दाखवून गेली आणि मग कधी आलीच नाही. नात आता सहा वर्षांची होती. तिचा एक फोटो घड्याळजींच्या कामाच्या टेबलाच्या खणात, बारीक स्क्रूंच्या डबीखाली ठेवलेला असायचा. ती येत्या नाही, त्याच्या पुढच्या रविवारी येणार होती. हातात तेरा दिवस, आणि दिवा लाल!

मंगळवारी सकाळी घड्याळजी नीती कचेरीत हजर.

"माझा दिवा चुकलाय," ते खिडकीशी म्हणाले.

"दिवा चुकत नाही," कारकूनबाईंनी मानही वर केली नाही.

"अहो, काल लाल लागला."

"मग तुम्ही चुकला असाल."

"मी? अकरा वर्षांत माझं एकदाही चुकलेलं नाही!"

बाईंनी आता वर बघितलं आणि हात लाल पुस्तकाकडे नेला. "स्वतःची स्तुती. कलम सहा. लिहू का?"

"नको, नको! माझी फक्त तक्रार लिहून घ्या."

"'दिवा चुकला' असा अर्जच नाही आमच्याकडे. काच पुसणे, बल्ब बदलणे आणि वायर तपासणे असे तीन आहेत. कुठला देऊ?"

"तिन्ही द्या."

बाईंनी तिन्ही दिले, तिन्हींवर शिक्का मारला. "एकवीस दिवसांत माणूस येईल. कामाचे एकवीस, सुट्ट्या सोडून."

घड्याळजी तोंड पाडून घरी आले, आणि पुढच्या चार दिवसांत गोष्टी भराभर बिघडत गेल्या. त्यांचं दुकान म्हणजे त्यांच्याच घरातली पुढची खोली. गिऱ्हाईक दारापर्यंत यायचं, वर लाल दिवा बघायचं, आणि हातातलं घड्याळ पिशवीत ढकलायचं. "नंतर येते हं, आज घाईत आहे." जी माणसं आत यायची ती कान टवकारून बसायची. एका गिऱ्हाइकाने त्यांच्यावर लाल चिठ्ठी टाकली, "तुसडेपणाने बोलतात." दुसऱ्याने टाकली, "काम सांगितलं की कपाळाला आठ्या पडतात." आणि गंमत अशी की दोन्ही गोष्टी खऱ्या होत्या. घड्याळजी पहिल्यापासून असेच बोलत आले होते. पण वर हिरवा दिवा होता, म्हणून लोक त्याला शिस्त म्हणायचे.

समोर उलटी तऱ्हा. हिरवा दिवा बघून एका बाईने तान्हं बाळ बँडवाल्याच्या हातात दिलं आणि औषध आणायला पळाली. बँडवाल्याने घाबरून त्याला तासभर ट्रंपेट वाजवून दाखवला. बाळ झोपलं. हिरवी चिठ्ठी! मग कुणी किल्ली ठेवायला देऊ लागलं, कुणी जड सामान उचलायला बोलावू लागलं. इतकी वर्षं त्याला कुणी काही काम सांगतच नव्हतं, आता तो बिचारा नाही म्हणायला शिकलाच नाही, हे उघड झालं. घड्याळजींच्या तळपायाची आग मस्तकात गेली. त्यांनी त्या चार दिवसांत ट्रंपेटबद्दल आणखी चार लाल चिठ्ठ्या टाकल्या.

शनिवारी सहाचा भोंगा झाला आणि दोन्ही दिवे पिवळे लागले. समोरासमोर. एकाच रंगाचे.

घड्याळजी कठडा धरून विचार करू लागले. घड्याळ दुरुस्त करणाऱ्या माणसाला एक सवय असते, काटा अडला की तो काट्याकडे बघत नाही, काटा फिरवणारं चक्र शोधतो. माझ्यावर दोन लाल चिठ्ठ्या पडल्या तेव्हा उतरला कुणाचा दिवा? समोरच्याचा. समोरच्याने चार चांगली कामं केली तेव्हा चढला कुणाचा? माझा! आणि दिवे उतरवले होते कधी? जिना रंगवला तेव्हा. घड्याळजींनी कपाळावर हात मारला. रंगाऱ्याने वायरी उलट्या जोडल्या होत्या. त्यांच्या दारावर बँडवाल्याची नीती लागत होती आणि बँडवाल्याच्या दारावर त्यांची.

"म्हणजे त्या चार लाल चिठ्ठ्या..." घड्याळजी मटकन पायरीवर बसले. स्वतःच्या पायावर धोंडा मारून घ्यायचा, आणि तोही रोज एक याप्रमाणे, याला काय म्हणावं! त्याच्या नावावर हिरव्या चिठ्ठ्या पडत होत्या म्हणून बरं, नाहीतर दिवा अजून लालच राहिला असता.

वायरींची पेटी जिन्याच्या छताजवळ होती, रंगकाम झाल्यावर कचेरीने पुन्हा सील लावलेली. सील तोडलं तर तुरुंग. कचेरीचा माणूस यायला एकवीस दिवस, नात यायला आठ. राहता राहिला एकच मार्ग, आणि तो कडू होता. स्वतःचा दिवा हिरवा करायचा तर बँडवाल्याला चांगला माणूस करायला हवा, आणि त्याच्या चांगुलपणाच्या खऱ्याखुऱ्या हिरव्या चिठ्ठ्या लिहायला हव्यात. घड्याळजींनी कपाट उघडलं आणि कोऱ्या गठ्ठ्यातलं एक हिरवं पुस्तक ओढून काढलं. पानं एकमेकांना चिकटली होती.

रविवारी सकाळी सातला त्यांनी समोरचं दार वाजवलं.

"आज तुम्ही काय चांगलं करणार आहात?"

बँडवाला डोळे चोळत उभा होता. "अं? काका, मी अजून तोंडसुद्धा धुतलं नाही."

"धुवा. तेही चांगलंच आहे. पण दुसऱ्यासाठी काय करणार?"

"मी... मी वर पोस्टमन आजोबांकडे जातो रोज. पेपर वाचून दाखवतो त्यांना. पण त्यात चांगलं काय?"

"ते मी ठरवेन. चला."

वरच्या मजल्यावरचे आजोबा चाळीस वर्षं पत्रं वाटून निवृत्त झाले होते आणि आता त्यांना अजिबात दिसत नव्हतं. बँडवाल्याने पेपर उघडला आणि घसा साफ केला. "आपला संघ जिंकला आजोबा! तीन-शून्य. नदीवरचा पूल पुरा झाला. उद्या स्वच्छ ऊन."

घड्याळजी त्याच्या खांद्यावरून वाकून पेपर बघत होते. संघ चार-शून्यने हरला होता. पूल कोसळला होता. उद्या वादळ होतं. त्यांची कानशिलं तापली. त्यांनी बँडवाल्याला बाही धरून बाहेर ओढलं.

"आंधळ्या माणसाला धडधडीत खोटं सांगता? लाज नाही वाटत?"

"हळू, हळू! संघ हरला की आजोबा जेवत नाहीत हो. पूल पडला म्हटलं तर दिवसभर उसासे टाकतात. त्यांना कुठे त्या पुलावरून जायचंय?"

आली का पंचाईत! लाल चिठ्ठी लिहिली तर स्वतःचा दिवा बुडणार. हिरवी लिहावी तर काय लिहावं? घड्याळजींनी जिन्यात बसून पाव तास विचार केला आणि मग नीट अक्षरात लिहिलं, "रोज सकाळी शेजारच्या वृद्धांकडे जाऊन त्यांच्यासाठी वर्तमानपत्र उघडतात." त्यात एकही शब्द खोटा नव्हता.

सोमवारी मात्र त्यांना राहवेना. बँडवाल्याने "सगळीकडे आनंदी आनंद" अशी बातमी वाचताच ते ओरडले, "कुठे लिहिलंय? संप लिहिलाय तिथे, संप!"

"हा दुसरा आवाज कुणाचा?" आजोबांनी मान वळवली.

"खालचे घड्याळजी आलेत."

"अरे वा! बसा, बसा. हा खोटं वाचतो ते मला पहिल्या दिवसापासून माहीत आहे बरं का. आपला संघ सलग दोन वर्षं जिंकेल, एवढा काही मी भोळा नाही."

बँडवाल्याचा चेहरा पडला. घड्याळजी चकित झाले. "मग तुम्ही बोलला का नाहीत?"

"माझ्यासाठी इतकं मनापासून खोटं कोण बोलतंय हो?" आजोबा हसले. "आता असं करा. आधी याची बातमी, मग तुमची. ऐकायला याची बरी, आणि खरी तुमची. दोन्ही लागतात माणसाला."

तेव्हापासून रोज सकाळी तिथे बातम्यांची जुगलबंदी सुरू झाली. दोघं पेपरची दोन टोकं धरून भांडायचे आणि आजोबा खुर्चीत डोलायचे. त्याच सोमवारी घड्याळजींचं लक्ष भिंतीवर गेलं. ठोके देणारं मोठं घड्याळ होतं, बंद पडलेलं.

"हे कधीपासून बंद?"

"झाली चार वर्षं. ठोके होते तोवर वेळ कळायची. आता उजाडलं की मावळलं तेही विचारावं लागतं."

"अहो, मी खालीच राहतो! सांगितलं का नाहीत?"

"तुम्ही कामात असता," आजोबा सरळपणे म्हणाले. "आणि तुमच्याशी बोलताना पाच मिनिटांची सहा झाली तर काय घ्या."

ते त्यांनी टोमणा म्हणून म्हटलंच नव्हतं, म्हणून तर जास्त लागलं. घड्याळजी घड्याळ उतरवून खाली घेऊन गेले. संध्याकाळी ते भिंतीवर परत लागलं तेव्हा पाचाचे ठोके पडले आणि आजोबा बोटं दुमडत मोजत राहिले, "एक... दोन... तीन..." घड्याळजींना वाटलं, बरं झालं, आता वाचनाला उशीर झाला म्हणून बँडवाल्याला पकडता येईल. त्यापलीकडे त्यांनी त्याचा विचार केला नाही.

पुढचे दिवस घड्याळजी सावलीसारखे बँडवाल्याच्या मागे होते, डाव्या हातात हिरवं पुस्तक आणि उजव्या हातात पेन. पण अडचण अशी की बँडवाल्याची कामं एकट्याची नसायची. तळमजल्यावरच्यांचं कपाट वर न्यायचं निघालं आणि दुसरं टोक धरायला कुणी नव्हतं. घड्याळजींनी पेन खिशात ठेवलं.

"तिरकं करा, तिरकं! अहो... अरे तिरकं कर ना, माझं बोट चेपतंय!"

'अहो'चं 'अरे' कधी झालं ते दोघांनाही कळलं नाही. कपाट पोचलं. मग कुणाच्या शिवणयंत्राचं चाक अडलं, बँडवाल्याने "मी बघतो" म्हणून हात घातला आणि ते आणखी बिघडवलं. ते घड्याळजींनी खाली बसून दुरुस्त केलं. "हा माणूस निस्तरायला लावतो नुसता!" असं पुटपुटत त्यांनी चिठ्ठी लिहिली, "मदतीला लगेच धावतात." हेही खरंच होतं. आणि दुपारी ट्रंपेटचा तो चुकणारा सूर ऐकू आला की ते आता भिंतीवर थाप मारून ओरडत, "अर्धी मात्रा थांब, मग फुंक! घाई करतोस तू!" घड्याळाच्या टिकटिकीवर आयुष्य काढलेल्या माणसाला ताल काय शिकवायचा? बुधवारी तो सूर पहिल्यांदा बरोबर लागला. समोरच्या दारातून आनंदाची आरोळी आली.

त्याच बुधवारी सहाला बँडवाल्याचा दिवा हिरवा झाला. घड्याळजी खूश झाले. ही तर माझीच नीती त्याच्या दारावर उजळली, ते मनात म्हणाले. फक्त त्याची नीती अजून माझ्या दारावर पिवळी रेंगाळतेय. आळशी आहे लेकाचा. जरा जोर लावायला हवा. आणि त्यांनी गुरुवारी-शुक्रवारी बँडवाल्याला इतकं पळवलं की तो गयावया करू लागला.

"काका, माझा हिरवा झालाय की! आता कशाला?"

"थांबायचं नाही. रविवारपर्यंत थांबायचं नाही."

शनिवारी बाराच्या सुमारास दोघं जिन्यातच होते, तेवढ्यात खांद्यावर शिडी आणि काखेत फाईल घेतलेला एक वायरमन वर आला.

"घड्याळवाले कोण? सही राहिलीय तुमची."

"कसली सही?"

"वायर तपासणे. मी सोमवारी दुपारी काम करून गेलो. तुम्ही कुणाचं तरी घड्याळ घेऊन वर गेलात म्हणे. चिठ्ठी लावून गेलो होतो की." त्याने वर बोट केलं. छताजवळच्या पेटीवर खरंच एक कागद चिकटवलेला होता, 'काम झाले'. केसाएवढी स्प्रिंग डोळ्यांनी पकडणाऱ्या घड्याळजींनी पाच दिवसांत एकदाही मान दोन हात वर केली नव्हती. सरकारी माणूस वेळेआधी येईल, हे तर त्यांच्या स्वप्नातही नव्हतं.

"सोमवारी? म्हणजे वायरी..."

"उलट होत्या, सरळ केल्या. दोन्ही दिवे पिवळेच होते, म्हणून कुणाला कळलं नसेल. इथे सही करा."

घड्याळजींनी सही केली. वायरमन गेला आणि ते पायरीवर बसले. सोमवारपासून दारावर जो पिवळा लागत होता तो बँडवाल्याचा नव्हता. तो त्यांचा स्वतःचा होता. उद्या मुलगी नातीचं बोट धरून येईल, वर बघेल, आणि परत फिरेल. आणि तिचं काय चुकलं?

"काका, काय झालं? पाणी आणू?"

मग घड्याळजींनी सगळं सांगून टाकलं. उलट्या वायरी, मतलबाच्या चिठ्ठ्या, मुलीवर लिहिलेली ती चिठ्ठी, खणातला फोटो, सगळं. बोलताना त्यांचा आवाज दोनदा फुटला. बँडवाला तोंड उघडं टाकून ऐकत होता.

"म्हणजे या सोमवारपासून तुम्ही माझ्या नावाने लिहिल्यात त्या चिठ्ठ्या माझ्याच दिव्याला लागल्या?"

"हो."

"किती होत्या?"

"सगळ्या मिळून तेवीस."

"तेवीस!" बँडवाला खो-खो हसत सुटला आणि मग घड्याळजींचा चेहरा बघून एकदम थांबला. "काका, मी आत्ता लिहितो तुमच्यावर. पंचवीसच्या पंचवीस."

"नको. सांगून लिहून घेतलेली चिठ्ठी खोटीच ती." घड्याळजींनी आतल्या भिंतीवरच्या घड्याळाकडे बघितलं. "आणि बारा वाजून गेलेत. पेटी नेली त्यांनी."

दुपारभर त्यांनी नातीसाठी आणून ठेवलेली छोटी खुर्ची पुसली, पुन्हा पुसली, आणि शेवटी पलंगामागे सरकवून ठेवली, दिसायला नको म्हणून.

सहाला ते बाहेर आले खरे, पण दिव्याकडे पाठ करून उभे राहिले. "तू बघ," ते म्हणाले. "माझ्याने नाही बघवत."

भोंगा झाला.

"पिवळाच ना?"

"काका, वळा."

"सांग ना, लाल झाला?"

बँडवाल्याने दोन्ही खांदे धरून त्यांना गर्रकन वळवलं. दारावर हिरवा दिवा लागला होता, स्वच्छ हिरवा. घड्याळजींनी चष्मा काढला, पण पुसायला सदरा सापडेना, डोळेच पुसले गेले.

"पण कुणी...? मी तर कुणासाठी काही..."

"आजोबांनी!" बँडवाल्याने कपाळाला हात लावला. "अहो, ते मंगळवारपासून मला रोज एक चिठ्ठी देतात पेटीत टाकायला. वेड्यावाकड्या ओळी. शिवणयंत्रवाल्या वहिनींनीही दिल्या दोन. कपाटवाल्यांनी दिल्या. मी सगळ्या टाकल्या."

"आणि मला सांगितलं नाहीस?"

"नाव वाचलंच नाही! दुसऱ्याची चिठ्ठी वाचायची नाही, कलम चौदा. तुम्हीच मला त्याबद्दल लाल चिठ्ठी टाकली होती दोन वर्षांपूर्वी."

वरून ठोके पडू लागले. आजोबांचं घड्याळ अर्ध्या मिनिटाने मागे होतं. घड्याळजींना ते कळलं, आणि ते काही बोलले नाहीत.

रविवारी दुपारी मुलगी आली. दाराशी थांबून तिने वर बघितलं, हिरवा दिवा बघून मान हलवली, आणि आत येऊन खुर्चीच्या कडेवर बसली, चटकन उठता येईल अशी. बाप-लेकीचं बोलणं हवापाणी आणि प्रवास यापुढे सरकत नव्हतं. नात मात्र पाच मिनिटांत घर फिरून आली आणि कामाच्या टेबलाशी जाऊन उभी राहिली. पुढच्या क्षणी टेबलावर काढून ठेवलेली डबी खाली, आणि दोनशे बारीक स्क्रू फरशीभर.

पोरीने हात पाठीमागे लपवले. "मी नाही पाडले. मांजरीने पाडले."

घरात मांजर नव्हतं. कधीच नव्हतं.

घड्याळजींनी खण उघडला आणि आतून लाल पुस्तक काढलं. मुलगी ताडकन उभी राहिली. तिचा चेहरा पांढराफटक पडला होता. "बाबा, ती सहा वर्षांची आहे..."

घड्याळजींनी एक चिठ्ठी फाडली. मग दुसरी, मग तिसरी. एकेका कागदाची त्यांनी बोटांनी सुबक पुडी वळली आणि गुडघे टेकून फरशीवर बसले.

"ये इकडे," ते नातीला म्हणाले. "लांब स्क्रू यात, आखूड त्यात, आणि वाकडे या तिसऱ्यात. लाल कागद चांगला यासाठी, त्यावर बारीक स्क्रू लगेच दिसतो. आणि ती मांजर परत आली तर तिला सांग, आजोबा रागावत नाहीत."

पोरीने क्षणभर त्यांच्याकडे बघितलं. "मांजर नव्हती आजोबा," ती हळूच म्हणाली. "मीच होते."

"असं का? मग तूच वेच," घड्याळजी म्हणाले.

मुलीने पर्स बाजूला ठेवली, पलंगामागून छोटी खुर्ची ओढून काढली, आणि तीही खाली बसून पलंगाखालचे स्क्रू शोधू लागली. समोरच्या दारातून ट्रंपेट सुरू झाला. सूर चुकला.

"अर्धी मात्रा थांब!" घड्याळजी टेबलाखालून ओरडले.

सहाचा भोंगा झाला. जिन्यात दारं उघडल्याचे आवाज आले, लोक नेहमीसारखे दिवे बघायला बाहेर पडले.

"बाबा, भोंगा झाला," मुलगी म्हणाली. "दिवा बघायचा नाही?"

"कसला दिवा?" घड्याळजी फरशीला गाल टेकवून म्हणाले. "हलू नकोस, तुझ्या पायाशी एक आखूड राहिलाय."